चार ठिपके

इस्रायलमधल्या लोद शहरातल्या त्या फ्लॅटच्या दाराशी बॅग टेकवली आणि आतून वालाच्या बिरड्याचा वास आला. जुलै २०२३ मधली गुरुवारची संध्याकाळ. मैत्रिणीची मावशी मूळची रेवदंड्याची, लहानपणी आईवडिलांबरोबर इस्रायलला आलेली. दिवसभर तिचा कडक उपास होता, पाण्याचा घोटसुद्धा नाही. तिशा बेआव, म्हणजे ज्यू पंचांगातल्या आव महिन्याची नवमी. यरुशलेमचं पहिलं मंदिर इ.स.पू. ५८६ मध्ये बाबिलोन्यांनी पाडलं, दुसरं इ.स. ७० मध्ये रोमनांनी, आणि त्या दोन्हींचा शोक या एका दिवशी करतात. कोकणातल्या बेने इस्राएल ज्यूंनी या दिवसाला स्वतःचं नाव दिलं : बिरड्याचा रोजा. अंधार पडला की उपास सोडायचा तो बिरड्यानं.

"आधी जेव. मग सांग, कशासाठी एवढ्या लांब आलीस," मावशी म्हणाली.

मी एक स्तंभ पाहायला आले होते. दगडाचा नव्हे, मजकुराचा. पुण्यात मी जुन्या मराठी पोथ्यांचे पाठभेद लावते : चार पोथ्या शेजारी ठेवायच्या, कुठे शब्द गळला, कुठे ओवी वाढली, कुठे लिहिणाऱ्याची नजर ओळ चुकली, ते टिपायचं. या कामात कुमरानच्या गुंडाळ्यांचं नाव पहिल्या वर्षीच कानावर येतं. १९४६-४७ च्या हिवाळ्यात मृत समुद्राकाठच्या एका गुहेत तआमिरा जमातीच्या मेंढपाळांना मडक्यांत ठेवलेल्या कातडी गुंडाळ्या सापडल्या. १९५६ पर्यंत अशा अकरा गुहा उजेडात आल्या आणि नऊशेहून अधिक हस्तलिखितांचे अवशेष हाती लागले. त्याआधी हिब्रू बायबलची उपलब्ध असलेली जुनी पूर्ण हस्तलिखितं इसवी सनाच्या दहाव्या-अकराव्या शतकातली होती. एका फटक्यात अभ्यासक हजार वर्षं मागे गेले.

जेवताना विषय निघाला 'अश्रे'चा. बायबलच्या स्तोत्रसंहितेतलं हे १४५ वं स्तोत्र प्रार्थनेत रोज तीनदा येतं आणि मावशीला ते तोंडपाठ आहे. त्याची प्रत्येक ओळ हिब्रू मुळाक्षरांच्या क्रमानं सुरू होते, आलेफ, बेत, गिमेल अशी. फक्त मधलं नून नाही. तालमूद या ज्यूंच्या जुन्या धर्मचर्चेच्या ग्रंथात याचं कारण दिलंय : 'नाफला', म्हणजे 'ती पडली', हे आमोस संदेष्ट्याचं इस्राएलविषयीचं दुःखाचं वचन नूननं सुरू होतं, म्हणून स्तोत्रकर्त्या दावीद राजानं ते अक्षर टाळलं. मला हे उत्तर फार आवडतं. गळलेल्या अक्षराला त्या लोकांनी चूक म्हटलं नाही, त्यात अर्थ शोधला. पण कुमरानच्या अकराव्या गुहेतल्या स्तोत्रांच्या गुंडाळीत नूनची ओळ आहे : देव आपल्या शब्दांना जागतो, आपल्या सगळ्या कृतींत तो दयाळू आहे. जुन्या ग्रीक भाषांतरातही अशी ओळ होतीच. काही अभ्यासक म्हणतात ती मूळचीच, मध्ये हरवली. काही म्हणतात कुणीतरी नंतर रिकामी जागा भरून काढली.

मी हे सांगितलं तेव्हा मावशी बिरड्याचा वाल सोलावा तसा विचार करत राहिली. मग म्हणाली, "आजोबा म्हणायचे तसं मी म्हणते. नून नाही तर नाही."

शनिवारी तिच्याबरोबर सिनेगॉगला गेले. तिशा बेआवनंतरच्या शब्बाथला 'शब्बात नाखमू' म्हणतात, कारण त्या दिवशी बायबलमधल्या यशया संदेष्ट्याच्या ग्रंथाचा चाळिसावा अध्याय वाचतात आणि तो 'नाखमू, नाखमू अम्मी' असा सुरू होतो : सांत्वन करा, माझ्या लोकांचं सांत्वन करा. बायकांच्या बाजूला माझ्या शेजारी दोन आज्या मराठीत कुजबुजत होत्या. वाचणाऱ्याचा सूर चढला की त्या गप्प व्हायच्या. मला हिब्रू जेमतेम येतं, पुस्तकावर बोट ठेवून मी मागे मागे जात होते. सातवी-आठवी ओळ आली. गवत सुकलं, फूल कोमेजलं, कारण परमेश्वराचा श्वास त्यावर वाहिला. खरंच, लोक म्हणजे गवत. गवत सुकलं, फूल कोमेजलं, आणि आपल्या देवाचा शब्द कायम उभा राहील. याच दोन ओळींसाठी मी तिकीट काढलं होतं.

रविवारी सकाळची बस पकडून यरुशलेम गाठलं. इस्रायल म्युझियमच्या आवारात 'ग्रंथमंदिर' आहे, हिब्रूत हेखाल हासेफर. फ्रेडरिक कीस्लर आणि आर्मंड बार्टोस यांनी ते बांधलं, १९६५ मध्ये ते खुलं झालं. बाहेरून दिसतो तो पांढरा घुमट, गुंडाळ्या ज्या मडक्यांत होत्या त्यांच्या झाकणासारखा, त्यावर सतत पाण्याचे फवारे. समोर काळ्या दगडाची भिंत. कुमरानच्या एका गुंडाळीत 'प्रकाशाचे पुत्र' आणि 'अंधाराचे पुत्र' यांच्या अंतिम युद्धाचं वर्णन आहे, त्याचीच ही मांडणी. आत जायला गुहेसारखी अंधारी वाट. उन्हातून आत आल्यावर डोळे स्थिरावायला वेळ लागला.

मधोमध गोल चौथऱ्याभोवती यशयाची मोठी गुंडाळी. ही हुबेहूब प्रतिकृती आहे. मूळ कातडं उजेड सोसत नाही, ते जपून ठेवलंय. सतरा कातडी तुकडे एकमेकांना शिवलेले, लांबी ७.३४ मीटर, ५४ स्तंभ, यशयाचे सगळे ६६ अध्याय. लेखन इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या शतकातलं. ती इथवर आली कशी, ती गोष्टही लांबलचक आहे. हिब्रू विद्यापीठाचे एलअझार सुकेनिक यांनी १९४७ च्या अखेरीस पहिल्या गुहेतल्या तीन गुंडाळ्या मिळवल्या, त्यातली खरेदी २९ नोव्हेंबरला झाली, पॅलेस्टाइनच्या फाळणीवर संयुक्त राष्ट्रांत मतदान झालं त्याच दिवशी. यशयासकट उरलेल्या चार सिरियन ख्रिस्ती धर्मगुरू मार सॅम्युएल यांच्याकडे होत्या. १९५४ मध्ये एका अमेरिकन दैनिकात त्यांच्या विक्रीची छोटी जाहिरात आली आणि सुकेनिकांचे चिरंजीव यिगाएल यादीन यांनी मध्यस्थामार्फत अडीच लाख डॉलरना त्या घेतल्या. सुकेनिक वर्षभरापूर्वीच वारले होते.

मी उजवीकडून स्तंभ मोजत निघाले. अक्षरं पाहून एक गोष्ट मनाला फार जवळची वाटली. लेखकांनी कातड्यावर टोकदार हत्यारानं आडव्या रेघा ओढल्यात आणि अक्षरं त्या रेघांवर बसवलेली नाहीत, रेघांना खाली टांगलीत. आपल्या देवनागरीसारखी! पोथ्या वाचून सवयीची झालेली नजर तिथे लगेच रुळली.

सत्ताविसाव्या स्तंभाशी थांबले. बरोबर अर्धं पुस्तक. २०२१ मध्ये ग्रोनिंगन विद्यापीठातल्या म्लादेन पोपोविच आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी संगणकाच्या मदतीनं या गुंडाळीतल्या अक्षरांची वळणं तपासली आणि इथून पुढे हात बदलतो असा निष्कर्ष काढला. दोन लेखक, पण दुसरा पहिल्याच्या वळणाशी इतका जुळवून घेणारा की नुसत्या डोळ्यांना फरक सहज सापडू नये. एकाच पोथीवर गुरू-शिष्य बसले की असं होतं, हे मी आपल्याकडे पाहिलंय.

मग तेहेतिसावा स्तंभ.

संगणकावर तो मी कितीतरी वेळा पाहिला होता; म्युझियमनं २०११ मध्ये गूगलच्या मदतीनं ही गुंडाळी सगळ्यांसाठी खुली केली आहे. तरी त्याच्यासमोर उभं राहताना पोटात गोळा आला. मूळ लेखकानं लिहिलंय : गवत सुकलं, फूल कोमेजलं, आणि आपल्या देवाचा शब्द कायम उभा राहील. संपलं. मधलं वाक्य नाहीच, 'लोक म्हणजे गवत' हे नाहीच. 'गवत सुकलं, फूल कोमेजलं' दोनदा येतं, तेव्हा पहिल्यावरून नजर दुसऱ्यावर उडाली असणार. हा दोष आमच्या कामात रोज भेटतो. पण मग दुसऱ्या कुणीतरी, निराळ्या हातानं, तो मजकूर ओळीच्या वर बारीक अक्षरांत लिहिलाय, आणि जागा पुरेना म्हणून डाव्या समासातून खाली वळवत नेलाय.

चूक आणि दुरुस्ती, एवढंच असतं तर गोष्ट सोपी होती. पण ग्रीक भाषांतरातही नेमका हाच भाग नाही. मग तिथल्या भाषांतरकाराचीही नजर त्याच जागी उडाली? की मूळ पाठच आखूड होता, आणि 'खरंच, लोक म्हणजे गवत' ही कुणा वाचकानं समासात केलेली टीप पुढे मजकुरात आली? यावर अभ्यासकांचं एकमत नाही. माझं मन गळतीच्या बाजूनं झुकतं, कारण दोनदा येणारा शब्दसमूह हा प्रत करणाऱ्याचा नेहमीचा सापळा आहे. पण 'लोक म्हणजे गवत' या शब्दांचा सूर टीपेचा वाटतो, हेही मला नाकारता येत नाही. एकनाथांनी शके १५०६ मध्ये ज्ञानेश्वरी शुद्ध केली, तेव्हा हीच चिंता त्यांना होती. पुढे कुणी आपली ओवी घुसडली तर ती अमृताच्या ताटात नरोटी, म्हणजे करवंटी, ठेवल्यासारखी होईल, असं त्यांनी बजावून ठेवलं. कुठलं अमृत आणि कुठली नरोटी, हे दोन हजार वर्षांनंतर ठरवायचं म्हणजे हात थरथरतो.

त्या वाढीव मजकुरात जिथे देवाचं नाव यायला हवं, तिथे चार ठिपके आहेत. योद, हे, वाव, हे ही चार अक्षरं लिहायला तो हात धजावला नाही. अक्षरवळणावरून अनेक अभ्यासक मानतात की हा माणूस ओळखीचा आहे : पहिल्या गुहेतलीच 'संघाची नियमावली', म्हणजे एका ज्यू पंथाच्या नियमांची गुंडाळी, त्यानंच लिहिली. काळ इ.स.पू. १०० च्या आसपास. त्या नियमावलीतही यशयाच्या याच अध्यायातली तिसरी ओळ उद्धृत केली आहे आणि तिथेही देवाच्या नावाजागी चार ठिपके आहेत.

ती ओळ मनात ठेवूनच सोमवारी कुमरानला गेले. यरुशलेमहून बस खाली उतरत जाते, कानात दडे बसतात. मृत समुद्राचं पाणी जगाच्या समुद्रसपाटीपेक्षा ४३० मीटरहून अधिक खाली आहे आणि दर वर्षी आणखी मीटरभर खाली जातं. सकाळी नऊलाच ऊन सोसवेना. हा भाग वेस्ट बँकेत येतो, आणि या गुंडाळ्या कुणाच्या, हा वादही मिटलेला नाही. सापडल्या तेव्हा इथे ब्रिटिशांचं राज्य होतं, बहुतेक उत्खनन जॉर्डनच्या काळात झालं, आणि हजारो तुकडे पूर्व यरुशलेमच्या रॉकफेलर म्युझियममध्ये होते तेव्हा १९६७ चं युद्ध झालं.

फ्रेंच धर्मगुरू रोलां द व्हो यांनी १९५१ ते १९५६ मध्ये हे अवशेष खणले. शुद्धिस्नानाची पायऱ्यांची कुंडं दिसतात, त्यांतल्या एकाच्या पायऱ्या भूकंपानं दुभंगलेल्या. एका खोलीत गिलाव्याची लांबट बाकं आणि दौती मिळाल्या, म्हणून द व्होंनी तिला लेखनशाळा म्हटलं. इथे एसेनी या जुन्या ज्यू पंथाचे विरक्त लोक राहत होते हे मत अजूनही बहुतेकांना पटतं, काहींना मुळीच पटत नाही. ओढ्यापलीकडे चौथ्या गुहेची काळी भोकं दिसतात. तिथून सुमारे पंधरा हजार तुकडे निघाले, काही नखाएवढे. ते जुळवताना पन्नासच्या दशकात अभ्यासकांनी चक्क चिकटपट्टी वापरली, आणि तिचा डिंक कातड्यात मुरला. १९९१ पासून यरुशलेमच्या प्रयोगशाळेत तो डिंक कणाकणानं काढण्याचं काम चालू आहे.

कठड्याला टेकून मी यशयाची तिसरी ओळ म्हटली. ख्रिस्ती बायबलच्या शुभवर्तमानांत ती अशी येते : अरण्यात हाक मारणाऱ्याचा आवाज, परमेश्वराची वाट तयार करा. म्हणजे हाक मारणारा अरण्यात आहे, आणि तो बाप्तिस्मा देणारा योहान. हिब्रूतल्या वाक्याचा तोल पाहिला तर विराम आधी येतो : हाक मारणाऱ्याचा आवाज, अरण्यात परमेश्वराची वाट तयार करा. वाट अरण्यात आहे. नियमावली लिहिणाऱ्यानं ही ओळ आज्ञा म्हणून वाचली. अधर्मी लोकांपासून वेगळं होऊन अरण्यात जायचं आणि वाट तयार करायची. वाट म्हणजे काय, तेही तो लगेच सांगतो : तोराचा, म्हणजे धर्मशास्त्राचा, अभ्यास. एका विरामावरून माणसं घरं सोडून या भाजणाऱ्या दगडांत आली आणि वाचत बसली. मी बराच वेळ तिथून हलले नाही.

रात्री लोदला परतले. मावशीला फोनवर तेहेतिसावा स्तंभ मोठा करून दाखवला. तिनं चष्मा लावला, फोन जवळ घेतला, आणि मला वाटलं होतं त्याहून फार लवकर ती अक्षरं तिला लागली. शनिवारी ऐकलेलीच ओळ ती हळूहळू वाचू लागली, मग ओळीच्या वर गेली, बारीक अक्षरांत शिरली. ठिपक्यांशी ती अडखळेल म्हणून मी सांगायला तोंड उघडलं. मावशीनं चार ठिपक्यांवरून बोट फिरवलं, "अदोनाय", प्रभू, म्हटलं आणि समासातून खाली वाचत गेली.