तुम्ही विचारलेत म्हणून : कॉनरॅड रिक्टरमध्ये एवढे काय आहे?

‘रान’, ‘शिवार’ आणि ‘गाव’ ही त्रयी वाचून झालेले वाचक मला हमखास एकच प्रश्न विचारतात : जी. ए. कुलकर्णींसारख्या कथाकाराने ज्याच्या कादंबऱ्या एकामागून एक मराठीत आणल्या, त्या अमेरिकन कादंबरीकार कॉनरॅड रिक्टरमध्ये एवढे काय आहे? जीएंच्या वतीने मी बोलणार नाही. माझ्यापुरते उत्तर असे की, जो माणूस एकदा आपली माणसे सोडून पलीकडे गेला, मग तो स्वखुशीने गेलेला असो वा ओढून नेलेला, त्याला परतीची वाट उरत नाही, हे दुःख रिक्टरइतके निष्पक्षपणे आणि इतक्या मायेने सांगणारा दुसरा लेखक मला भेटलेला नाही.

‘रान’ म्हणजे मूळची ‘द ट्रीज’, 1940 साली प्रसिद्ध झालेली. अठराव्या शतकाच्या अखेरीस पेन्सिल्व्हेनियात शिकार मिळेनाशी होते, म्हणून वर्थ लकेट हा शिकारी आपले बिऱ्हाड ओहायो नदीपलीकडच्या अरण्यात नेतो. तेथे झाडी इतकी दाट असते की, जमिनीवर ऊन म्हणून पडत नाही. क्षयाने खंगलेली त्याची बायको त्याच अंधारात मरते. धाकटी सुली जंगलात हरवते, तिच्या शोधात गेलेला बाप परत येत नाही आणि घराचा सगळा भार थोरल्या सेवर्डवर येऊन पडतो. ही निरक्षर मुलगी पुढे मॅसॅच्युसेट्सहून आलेल्या एका शिकलेल्या वकिलाशी लग्न करते आणि झाडांशी हाडवैर मांडल्यासारखी एकेक बुंधा तोडून जमीन मोकळी करत जाते.

सुलीचे काय झाले, हे कळायला वाचकाला तिसऱ्या भागापर्यंत थांबावे लागते. ‘गाव’मध्ये म्हातारा बाप अचानक परततो आणि सुली जिवंत असल्याची, मूळ रहिवाशांमध्ये तिचा संसार असल्याची बातमी आणतो. सेवर्ड आणि तिची बहीण जेनी तिला भेटायला जातात. समोर बसलेली बाई त्यांचीच बहीण आहे, याविषयी त्यांच्या मनात शंका नसते. पण ती बाई ओळख देत नाही. तिचा नवरा, तिचे घर, तिचे जग आता हेच आहे. इतकी वर्षे जिच्यासाठी जीव तुटला तिने असे परक्यासारखे वागावे, हे बहिणींचे दुःख जितके खरे, तितकाच सुलीचा नकारही खरा आहे, आणि रिक्टर दोघींपैकी कोणालाही दोष देत नाही. या प्रसंगापाशी मी प्रत्येक वेळी पुस्तक मिटून थोडा वेळ बसतो.

हीच गोष्ट त्याने 1953 सालच्या ‘द लाइट इन द फॉरेस्ट’मध्ये, म्हणजे जीएंच्या ‘रानातील प्रकाश’मध्ये, उलट्या बाजूने सांगितली. चार वर्षांचा असताना पळवून नेलेला गोरा मुलगा लेनापे या अमेरिकेतील मूळ रहिवाशांच्या जमातीत वाढतो. 1764 साली ब्रिटिश सैन्याचा कर्नल बुके या लोकांना सर्व गोरे बंदिवान परत करायला भाग पाडतो, तेव्हा पंधरा वर्षांच्या या मुलाला त्याच्या मनाविरुद्ध जन्मदात्यांकडे पाठवले जाते. तेथे तो रमत नाही. पळून परत आल्यावर गोऱ्यांच्या नावेला सावध केल्यामुळे लेनापे बापही त्याला तोडून टाकतो. दोन घरे असलेला मुलगा अखेरीस बेघर होतो.

रिक्टरच्या भाषेविषयीही सांगायला हवे, कारण इंग्रजीत वाचणारे पहिल्या काही पानांत अडखळतात. जुन्या वसाहतकारांची बोली त्याने वृद्धांच्या तोंडून आणि जुन्या नोंदींमधून गोळा केली आणि ती केवळ संवादांत न ठेवता निवेदनातही आणली. त्यामुळे कादंबरी इतिहासकाराच्या तोंडून न येता सेवर्डच्या शेजारणीने सांगावी तशी येते. पत्नीच्या प्रकृतीसाठी 1928 साली तो न्यू मेक्सिकोत राहायला गेला. तेथील जुन्या माणसांच्या आठवणींतून ज्या कथा झाल्या, त्या ‘अर्ली अमेरिकाना’ या 1936 सालच्या संग्रहात आहेत.

पुलित्झर पारितोषिक मिळाले ते ‘द टाउन’ला, म्हणजे ‘गाव’ला, 1951 साली. माझ्या मते त्रयीतला सर्वांत कसदार भाग ‘रान’च आहे, ‘गाव’मध्ये सेवर्डच्या धाकट्या मुलाची, चॅन्सीची, प्रकरणे लांबलेली वाटतात. तरीही ‘गाव’ सोडू नये, कारण आयुष्यभर झाडे तोडलेली सेवर्ड म्हातारपणी घराभोवती झाडे लावते, आणि हा बदल रिक्टरने तीन कादंबऱ्यांचा अवधी घेऊन असा घडवला आहे की, तो पश्चात्ताप आहे की नुसती ओढ, हे ठरवता येत नाही.

तेव्हा प्रथम ‘रानातील प्रकाश’ वाचावी; ती आकाराने लहान आहे. मग त्रयी क्रमानेच, मधला भाग न गाळता. इंग्रजी वाचणाऱ्यांनी त्यानंतर ‘द वॉटर्स ऑफ क्रोनस’ मिळवावी. 1961 साली नॅशनल बुक ॲवॉर्ड मिळालेल्या या कादंबरीतला वृद्ध लेखक धरणाखाली बुडालेल्या आपल्या गावी जातो, ते गाव त्याला बालपणी होते तसेच जिवंत भेटते आणि तेथे त्याला कोणीही ओळखत नाही. कोयनेच्या पाण्याखाली ज्यांच्या आजोळची घरे गेली, अशा वाचकांना तर मी ती सर्वांत आधी सुचवीन.