नऊ, नऊ, आणि एकदा आठ

आमच्या गाईडला माणसे मोजण्याची सवय होती. सायकली कुठेही थांबल्या की ती हेल्मेट न काढताच बोट पुढे करून ‘यी, अर, सान’ असे म्हणत आमच्यावरून नजर फिरवीत असे आणि ‘जिऊ’, म्हणजे नऊ, आले की मान डोलावून पुढे निघत असे. पहिल्या दिवशी त्याची गंमत वाटली, दुसऱ्या दिवशी शाळेची सहल आठवली आणि तिसऱ्या दिवशी, साठीला टेकलेल्या माणसाला दर अर्ध्या तासाने कोणीतरी बोटाने मोजावे, याचा मला मनापासून राग येऊ लागला. चौथ्या दिवशी तिची मोजणी आठवर थांबली. नववा मी होतो.

२०१८ च्या नोव्हेंबरात मी आणि माझी पत्नी दक्षिण चीनमधील ग्वांगशी या प्रदेशात सात दिवसांच्या सायकल सहलीला गेलो होतो. सांगलीत तासाच्या भाड्याने आणलेल्या आणि दांडीखालून पाय घालून चालवलेल्या सायकलीवर शिकलेला तोल पन्नास वर्षांनी परदेशात उपयोगी पडेल असे कधी वाटले नव्हते. मला खरे तर नकाशा घेऊन एकट्यानेच हिंडायची हौस होती. ‘जिथे पाटीवरचे एक अक्षर लागत नाही आणि ताटात काय पडले आहे ते विचारता येत नाही, तिथे मी तुमच्या भरवशावर यायची नाही,’ असे पत्नीने स्पष्ट सांगितले आणि तिचे म्हणणे खोडून काढण्यासारखे नव्हते. म्हणून गाईड, सामानाची व्हॅन, रोजचे हॉटेल आणि सायकली असे सगळे बांधून दिलेले पॅकेज आम्ही घेतले. पत्नीने बॅटरीची सायकल मागून घेतली. मी स्वाभिमानाने साधी घेतली आणि त्या स्वाभिमानाची वसुली पुढे गुडघ्यांनी केली.

ग्वांगझूहून वेगवान रेल्वे सुमारे अडीच तासांत यांगशुओला पोचवते. मात्र ‘यांगशुओ’ नावाचे हे स्थानक शिंगपिंग नावाच्या दुसऱ्याच गावाजवळ आहे आणि खरे यांगशुओ तिथून सुमारे तीस किलोमीटरवर आहे, हे आम्हाला उतरल्यावर कळले. पण त्या तीस किलोमीटरांत जे दिसले त्यामुळे तक्रार तोंडातच राहिली. सह्याद्रीची सवय असलेल्या डोळ्यांना आधी जाणवते ते हे, की इथल्या डोंगरांना पायथाच नाही. आपल्याकडे डोंगर येण्यापूर्वी चढ लागतो, मग सोंड येते, मग कडा येतो. इथे भाताचे खाचर संपते आणि बांधाला लागूनच सुळका सरळ उभा राहतो, त्याच्यामागे दुसरा, त्याच्यामागे धुक्यात पुसट होत गेलेले आणखी दहा-वीस. चुनखडीचा मूळ थर पावसाच्या पाण्यात लाखो वर्षे विरघळत गेला आणि जे विरघळायचे राहिले ते हे खुंट. युनेस्कोने २०१४ मध्ये ग्वेलिन शहराभोवतालच्या या मुलुखाला जागतिक वारशाच्या यादीत घेतले. सायकलवर बसलेल्या माणसाला त्याहून महत्त्वाची वाटते ती गोष्ट म्हणजे सुळक्यांमधली जमीन सपाट आहे; रस्ता डोंगर चढत नाही, वळसा घालून निघून जातो. या भूगर्भशास्त्राचे माझ्या गुडघ्यांवर मोठे उपकार आहेत.

पहिले दोन दिवस यूलोंग नदीच्या काठाने गेले. नदी अरुंद आणि संथ आहे, तिच्यावर १४१२ साली बांधलेला एका कमानीचा दगडी पूल आजही वापरात आहे, आणि तिच्यात खरेखुरे बांबूचे तराफे चालतात. नावाडी लांब काठीने तराफा ढकलतो आणि छोट्या बंधाऱ्यावर आला की तो तसाच खाली घसरवतो. बसणाऱ्याचे बूट हटकून भिजतात. पलीकडच्या मोठ्या ली नदीवर जे ‘बांबूचे तराफे’ दाखवतात ते मात्र प्लॅस्टिकच्या जाड नळ्या बांधून केलेले आणि मोटर लावलेले आहेत, आणि त्यांचा आवाज आपल्याकडच्या शेतातल्या पंपासारखा येतो.

शिंगपिंगबद्दल मी फारसे बरे लिहू शकणार नाही. वीस युआनच्या नोटेच्या मागे ली नदीचे जे चित्र आहे ते इथले, त्यामुळे काठावर शेकडो माणसे हात लांब करून नोट डोळ्यांसमोर धरतात आणि चित्रातले सुळके समोरच्या सुळक्यांशी जुळवून फोटो काढतात. पाणकावळे घेऊन बसलेले म्हातारे कोळी मासे धरत नाहीत, फोटोचे पैसे घेतात. मीही नोट काढली, धरली, जुळवली, फोटो काढला आणि नोट शर्टाच्या खिशात ठेवली. दुसऱ्या दिवशी माझ्याजवळ तेवढीच नोट राहिली, कारण बाकीचे पैसे, पासपोर्ट आणि गाईडने प्रत्येकाला दिलेले, तिचा फोन नंबर चिनीत लिहिलेले कार्ड, हे सर्व मी व्हॅनमधल्या बॅगेत टाकून दिले होते. ‘कार्ड कायम खिशात ठेवा’ असे तिने तीनदा बजावले होते. मला त्याचाही राग आला होता.

चौथ्या दिवशी आम्ही गोंगचेंगच्या दिशेला निघालो. हा याओ लोकांचा स्वायत्त तालुका आहे आणि पर्सिमनसाठी प्रसिद्ध आहे. विदर्भातल्या लोकांना टेंभुर्णीची फळे माहीत असतील. पर्सिमन त्याच कुळातले, पण टोमॅटोएवढे आणि केशरी. नोव्हेंबरात इथे घराघरांपुढे बांबूच्या जाळ्या मांडून त्यांवर सोललेली फळे वाळत घालतात, रोज हाताने दाबून चपटी करतात आणि हळूहळू त्यांच्या अंगावर साखरेची पांढरी भुकटी धरते. राखाडी आभाळ, राखाडी विटांची भिंत आणि तिच्यापुढे अंगणभर पसरलेला तो केशरी रंग दिसल्यावर मला थांबल्यावाचून राहवेना. रस्ता अरुंद असल्यामुळे व्हॅन मुख्य रस्त्याने पुढे गेली होती आणि मी नेहमीप्रमाणे सर्वांत मागे होतो. माझ्या पुढच्या डच गृहस्थांना ‘आलोच’ अशी खूण करून मी उतरलो आणि फोटोंत दहा मिनिटे घालवली.

पुढे तीन रस्ते फुटत होते. अशा ठिकाणी गाईड खडूने रस्त्यावर बाण काढून ठेवत असे. मला बाण दिसला नाही, कारण एका गाडीतून उतरवलेला पेंढा नेमका तिथे पसरला होता, हे नंतर कळले. त्या वेळी मी तिलाच मनात दोष दिला आणि मधला रस्ता धरला. गूगलचा नकाशा चीनमध्ये चालत नाही, रोमिंग घेतलेले नव्हते आणि सुळक्यांच्या मुलुखात दिशा ओळखायला काहीच खूण सापडत नाही, कारण प्रत्येक वळणावर पुन्हा तसाच सुळका उभा असतो. तीन-चार किलोमीटर गेल्यावर आपण चुकलो आहोत हे मला कळले. लाज वाटते, पण लिहिले पाहिजे, की त्या क्षणी मला भीती वाटली नाही. मला बरे वाटले. चार दिवसांत पहिल्यांदाच माझ्यापुढे कोणाची पाठ नव्हती आणि मला कोणी मोजत नव्हते.

एका घराच्या पुढच्या खोलीत दुकान होते. शेवयांची पाकिटे, सिगारेटी, साबण आणि दारात शेगडी. सत्तरीची एक बाई शेगडीपुढे बुटक्या स्टुलावर बसून लोखंडी भांड्यात काहीतरी कुटत होती. मी छातीवर हात ठेवून ‘यिन्दू’ म्हणालो, म्हणजे भारत. तिने ‘यिन्दू’ असे दोनदा म्हणून पाहिले, माझ्या हेल्मेटकडे आणि गादी शिवलेल्या चड्डीकडे पाहिले आणि पायाने दुसरे स्टूल माझ्याकडे सरकवले.

ती कुटत होती तो चहा होता. भिजवलेली चहाची पाने, आले आणि लसूण तेलावर परतून ती त्याच भांड्यात इंग्रजी आकड्यातल्या सातासारख्या वाकड्या लाकडी दांडक्याने ठेचत होती. ठेचून लगदा झाल्यावर तिने वरून पाणी ओतले, भांडे चुरचुरले, उकळी आली, तिने मीठ टाकले आणि बांबूच्या गाळणीतून ते हिरवट पिवळे पाणी वाटीत गाळले. वाटीत आधीच मूठभर चुरमुरे, तळलेले शेंगदाणे आणि चिरलेली कांद्याची पात होती. चहात आले घालणाऱ्या माणसाने चहात लसूण का घालू नये, याचे उत्तर माझ्याजवळ नव्हते. पहिली वाटी इतकी कडू होती की डोळ्यांत पाणी आले. ती हसली आणि एक बोट दाखवून तिने तोंड वाकडे केले, दोन बोटे दाखवून थोडे कमी वाकडे केले, तीन दाखवून मान डोलावली. या यौ-चाबद्दल, म्हणजे तेल-चहाबद्दल, तिकडे म्हणतातच, की पहिली वाटी कडू, दुसरी तुरट आणि तिसरी-चौथी खरी. तिने तीच पाने पुन्हा ठेचली, पुन्हा पाणी ओतले. तिसऱ्या वाटीला ते पेय मला सर्दीच्या दिवसांतल्या आमच्या घरच्या सारासारखे लागले. गरम, खारट, घशातून उतरताना कान मोकळे करणारे. मध्येच तिने फोन काढून माझा फोटो घेतला. मी वाटी उंच करून हसलो.

पैसे द्यायची वेळ आली तेव्हा तिने दारावर चिकटवलेल्या क्यूआर कोडकडे बोट दाखवले. मी खिशातली वीसची नोट काढली. तिने डबा उघडला, बंद केला, सुटे नव्हते. आपल्याकडचा दुकानदार अशा वेळी दोन चॉकलेटे हातावर ठेवतो. या बाईंनी तराजू काढला आणि उरलेल्या पैशांची वाळवलेली पर्सिमन जोखून, पिशवीत भरून, माझ्या सायकलच्या मुठीला अडकवली. वीस युआन म्हणजे तेव्हाचे दोनशे रुपये. तीन वाट्यांचे तिने किती धरले हे मला ठाऊक नाही, पण पिशवी चांगली जड होती आणि पुढे प्रत्येक पायडलाला गुडघ्यावर आपटत राहिली. फुकट पाजलेल्या चहापेक्षा तो काटेकोर व्यवहार मला जास्त आवडला.

मी निघणार इतक्यात तिने दंडाला धरून मला पुन्हा बसवले आणि फोन पुढे केला. गावाच्या वीचॅट ग्रुपवर माझा फोटो गेला होता आणि खाली भराभर उत्तरे येत होती. मी चुकलो आहे हे मी सांगितलेच नव्हते. तिने ते स्टूल देतानाच ओळखले असावे. वीसेक मिनिटांनी आमची गाईड सायकल हाणत आली. तिचा चेहरा घामाने आणि मला वाटते रडण्यानेही ओला झाला होता. बाकीच्यांना एका देवळापाशी बसवून ती एकेका वाटेवर मला शोधत फिरत होती, आणि शेजारच्या गावात विचारत असताना कोणीतरी तिच्यापुढे फोन धरला. म्हणजे ती जीव मुठीत धरून मला कालव्यात, उतारावर, ट्रकखाली कल्पीत असताना तिला मी पहिल्यांदा दिसलो तो वाटी उंच करून दात दाखवणारा.

ती मला काहीही बोलली नाही. म्हाताऱ्या बाईशी मात्र बराच वेळ बोलली, कमरेत वाकली, पुन्हा बोलली. ‘मला बाण दिसला नाही’ असे मी म्हणालो आणि लगेच ते म्हटल्याची लाज वाटली. ‘कार्ड?’ एवढेच तिने विचारले. मी मान हलवली.

देवळापाशी पत्नी उभी होती. ‘अहो, तुम्ही लहान आहात का?’ असे ती सर्वांदेखत मराठीत म्हणाली आणि मग पिशवीकडे पाहून, ‘आणि बाजार केलात?’ आणखी अर्ध्या तासात मी सापडलो नसतो तर पोलिसांना कळवायचे ठरले होते, हे तिनेच मला नंतर सांगितले. त्या दिवशी उरलेल्या बावीस किलोमीटरांत गाईडने एकदाही मोजणी केली नाही. पुढे जायचे सोडून ती माझ्या मागे राहिली. तिच्या सायकलची साखळी थोडी करकरत होती आणि तो आवाज मला गोंगचेंगपर्यंत ऐकू येत राहिला.

दुसऱ्या दिवशी गोंगचेंगचे कन्फ्यूशियसचे जुने मंदिर पाहिले. त्यापेक्षा तिथल्या न्याहारीला पुन्हा मिळालेला यौ-चा लक्षात आहे, आणि तो त्या बाईच्या चहाच्या पासंगाला पुरणारा नव्हता. शाकाहारी म्हणून मागवलेल्या घेवड्यावर डुकराच्या मांसाचा चुरा येण्याचा प्रकार पत्नीच्या बाबतीत चौथ्यांदा घडला. तिकडे तो मसाल्यात जमा धरतात. लोंगजीच्या डोंगरउतारावरच्या भातशेतीच्या पायऱ्या व्हॅनने जाऊन पाहिल्या. कापणी झाल्यामुळे त्या तपकिरी होत्या, वर दिवसभर पाऊस होता. मोजणी पुन्हा सुरू झाली होती आणि ‘बा’, म्हणजे आठ, झाले की मी स्वतःच हात वर करून ‘जिऊ’ म्हणू लागलो होतो.

शेवटच्या संध्याकाळी ग्वेलिनच्या हॉटेलात सहलीबद्दलचा अभिप्राय भरायचा छापील कागद आला. सायकली कशा होत्या, जेवण कसे होते, सीटची गादी कशी होती, अशा प्रश्नांमध्ये सहावा प्रश्न होता, गाईडने आपल्याला वाटेत कधी एकटे सोडले का. ती दाराशी उभी राहून कागद गोळा करत होती आणि माझ्याकडे मुद्दाम पाहत नव्हती. मी ‘नाही’च्या चौकटीत खूण केली, कागदाची घडी घातली आणि उरलेली पाच-सहा चपटी पर्सिमन पिशवीसकट तिच्या हातात दिली. तिने एक काढून उलटसुलट केले, पांढरी भुकटी बोटाने पुसून पाहिली आणि विचारले, ‘कितीला दिली तिने?’