पिटातला खाऊ

लंडनमध्ये थेम्सच्या दक्षिण काठावर १९८९ साली ऑफिसच्या एका इमारतीसाठी खोदकाम चालू असताना रोझ नावाच्या नाट्यगृहाचे अवशेष सापडले. फिलिप हेन्स्लोने १५८७ मध्ये बांधलेलं हे नाट्यगृह, म्हणजे शेक्सपिअरच्या उमेदवारीच्या काळातलं. मातीतून एखादं हस्तलिखित निघालं असतं तर जगभर गाजावाजा झाला असता. निघाला तो बराचसा कचरा! हेझलनटची टरफलं, कालवांचे शिंपले, द्राक्षांच्या आणि अंजिरांच्या बिया.

मी या कचऱ्याच्या प्रेमात आहे. एरवी नाटक रंगात आलेलं असताना मागच्या रांगेत कुणी वेफर्सचं पाकीट फोडलं की माझं डोकं फिरतं. मान वळवून रोखून बघावं, तर पाकीटवाला ढिम्म. पण ज्या नाटकांपुढे आपण आज देवळात बसल्यासारखे बसतो, ती लिहिली गेली अशाच तोंड चालवणाऱ्या लोकांसाठी, हे काही केल्या नाकारता येत नाही.

१५९९ मध्ये स्वित्झर्लंडमधल्या बाझलचा थॉमस प्लाटर नावाचा प्रवासी लंडनला आला होता. त्याने सगळा हिशोब टिपून ठेवलाय. उभ्याने बघायचं तर एक पेनी, बसायचं तर आणखी एक, आणि गादीवर, चारचौघांना दिसेल अशा जागी बसायचं तर तिसरी. एका पेनीत तेव्हा एक पाव यायचा, त्यामुळे पिटात, म्हणजे रंगमंचासमोरच्या उभ्याने बघायच्या जागेत, कामगार, शिकाऊ पोरं, कुणीही यायचं. खेळ चालू असतानाच खाण्यापिण्याचे जिन्नस फिरवले जायचे, हेही त्याने लिहिलंय. तिथे पाहिलेल्या 'ज्युलियस सीझर'बद्दल मात्र स्वारीने थोडक्यात आटोपलं. कौतुक केलं ते शेवटच्या नाचाचं. खरा प्रेक्षक!

खाण्यातही पायऱ्या होत्याच. रोझच्या जागेवर एक नाजूक काटा मिळाला, पाकातली फळं खाण्याचा. त्यावर ए. एन. अशी अक्षरं कोरलेली आहेत. काटा वापरणं हीच तेव्हा इंग्लंडमध्ये चैन होती. हे ए. एन. कोण, कुणाला ठाऊक. नाटकाला येताना घरचा काटा बरोबर आणणारं माणूस मला डोळ्यांसमोर दिसतं, आणि घरी गेल्यावर काटा हरवल्याचं लक्षात येऊन झालेली चिडचिडही.

आता नटांच्या बाजूने बघा. दुपारी दोनची वेळ, डोक्यावर उघडं आकाश, अंधार करायची सोय नाही. समोर उभे असलेले लोक कवचं फोडतायत. अशात 'हॅम्लेट' सुरू होतं. आगरकरांनी 'विकारविलसित' म्हणून मराठीत आणलं तेच. पहारेकरी सांगतो, बाराचे ठोके पडले, जा झोप. दुसरा म्हणतो, थंडी कडाक्याची आहे. झाली मध्यरात्र! आपण ज्याला थोर काव्य म्हणतो त्यातलं निम्मं तरी प्रकाशयोजनाकाराचं काम करत असावं, असं माझं मत आहे. पुढे हाच हॅम्लेट नटांना अभिनयाचे धडे देताना पिटातल्या लोकांची टर उडवतो, म्हणे यांना मूकनाट्य आणि गोंगाट सोडून काही कळत नाही. आणि हे तो बोलतो कुठे, तर त्याच लोकांच्या पुढ्यात, हातभर अंतरावर उभा राहून. कवचं फोडणारे हात तेवढा वेळ नक्कीच थांबले असतील.

तिकडे माद्रिदमध्ये वेगळी तऱ्हा. घरांच्या मधल्या चौकातच रंगमंच, उत्पन्नाचा वाटा इस्पितळांना. मध आणि मसाले घातलेलं सरबत विकायला तिथे खास माणूस असायचा. बायकांचा सज्जा वेगळा, आणि त्यात आणखी बायका मावाव्यात म्हणून त्यांना दाटीवाटीने बसवणारा एक पगारी माणूसही होता. त्याच्या नोकरीचा मला अजिबात हेवा वाटत नाही. खाली उभे राहणारे पुरुष इतके तोंडाळ की नाटककार त्यांना वचकून असत.

खाण्यापिण्याच्या बाजूने सर्वांत भक्कम साक्ष मात्र लंडनच्या ग्लोबची, शेक्सपिअरच्या मंडळीच्या नाट्यगृहाचीच. २९ जून १६१३ रोजी तिथे आठव्या हेन्रीवरचं नाटक चालू होतं. राजाच्या प्रवेशाला तोफ डागली, ठिणगी गवती छपरावर पडली. लोक खेळात गुंग, धुराकडे कुणी फारसं लक्ष दिलं नाही, आणि बघता बघता सगळं नाट्यगृह जळून गेलं. सर हेन्री वॉटन या मुत्सद्द्याने पत्रात लिहिलंय की माणसं वाचली, फक्त एका गृहस्थाच्या विजारीने पेट घेतला. त्याने प्रसंगावधान राखून हातातल्या बाटलीतली बिअर तिच्यावर ओतली. 'प्रेक्षागृहात खाद्यपदार्थ व पेये आणण्यास सक्त मनाई आहे' ही पाटी तिथे असती तर बिचाऱ्याचं काही खरं नव्हतं. पुढच्या वर्षी ग्लोब पुन्हा उभं राहिलं. या खेपेला मालकांनी छपरावर कौलं घातली.