भोजपूरच्या खडकावरचे नकाशे
वास्तुशास्त्राची एखादी मंतरलेली पोथी असावी, तिची पाने उघडताच न बांधलेली मंदिरे उभी राहावीत, अशी कल्पना मी गोष्टींतून वाचली होती. आज भोपाळजवळच्या भोजपूरला तिच्याशी फार जवळचे काहीतरी पाहिले. परमार राजा भोजाच्या नावाशी जोडलेले, अकराव्या शतकातले हे शिवमंदिर अपुरेच राहिले, पण त्याच्या आसपासच्या उघड्या खडकांवर शिल्पकारांनी तळाचे आराखडे, खांब आणि शिखरांची रेखाटने प्रत्यक्ष कोरून ठेवली आहेत. उन्हे कलल्यावर उथळ रेघांमध्ये सावली भरू लागली आणि सपाट दिसणाऱ्या दगडातून एका खांबाची सगळी घडण, थर आणि कंगोऱ्यांसकट, वर आली. मंदिरामागे दगड वर चढवण्यासाठी रचलेला मातीचा उतारही अजून टिकून आहे, त्यामुळे कारागीर नुकतेच जेवायला गेले असावेत असे वाटते.

याच भोजाच्या नावावर असलेल्या ‘समरांगणसूत्रधार’ या वास्तुशास्त्रावरच्या ग्रंथात पाऱ्याच्या बळावर उडणाऱ्या लाकडी पक्ष्याचे वर्णन आहे, आणि यंत्रांची जुळणी अज्ञानामुळे नव्हे, तर गुप्ततेसाठी सांगितलेली नाही, असेही त्यात बजावले आहे. (ही सबब मला फारशी पटत नाही.) उडत्या पक्ष्यावरून प्राचीन विमानांचे दावे करणाऱ्यांपेक्षा, न बांधलेले शिखर दगडावर आखून ठेवणारा तो अनाम सूत्रधार (म्हणजे मुख्य स्थपती) मला कितीतरी मोठा जादूगार वाटतो.