कॅथलीन बायरन: लिपस्टिकच्या पलीकडे

ब्रिटिश अभिनेत्री कॅथलीन बायरनचं नाव काढलं की जुन्या ब्रिटिश सिनेमाचे दर्दीही एकाच प्रसंगापाशी थांबतात. 'ब्लॅक नार्सिसस' (१९४७), हिमालयातल्या ननच्या मठाची गोष्ट. टेबलाच्या एका बाजूला बायबल घेऊन बसलेली डेबोरा कर, मध्ये मेणबत्ती, आणि समोर ननचा वेश उतरवून गडद लाल पोशाख चढवलेली सिस्टर रूथ, म्हणजे बायरन. सावकाश लिपस्टिक लावतेय. बस्स, एवढंच.

दिग्दर्शक मायकेल पॉवेलला रूथ वेडी हवी होती. बायरनचं म्हणणं, रूथ स्वतःच्या लेखी पूर्ण शहाणी आहे. म्हणूनच तिच्या रूथचा धाक वाटतो. वेडाचे ठरीव झटके ती देत नाही; आपलंच खरं असं वाटणाऱ्या बाईचा हट्ट दाखवते. मठाच्या घंटेजवळचा तिचा शेवट तर ब्रायन ईझडेलचं संगीत आधी तयार ठेवून त्याच्या मापात चित्रित केला. पाऊल कधी टाकायचं, मान कधी वळवायची, सगळं तालात. ओले केस, लालसर कडांचे डोळे, जॅक कार्डिफची प्रकाशयोजना. आणि हा हिमालय? बहुतेक पाइनवूड स्टुडिओतला, खालची खोल दरी रंगवलेली. (गोऱ्या जीन सिमन्सने तपकिरी रंग फासून केलेली भारतीय मुलगी 'कांची' मात्र आज बघवत नाही.)

पण बायरन किती मोठ्या ताकदीची नटी होती हे पाहायचं तर 'द स्मॉल बॅक रूम' (१९४९) काढा. दिग्दर्शक तेच, समोर नटही तोच, डेव्हिड फॅरर. 'नार्सिसस'मध्ये ज्याच्यापायी ती उद्ध्वस्त होते, त्यालाच इथे सांभाळते. तो कृत्रिम पायाच्या दुखण्याने हैराण, दारूकडे ओढला जाणारा बॉम्बतज्ज्ञ. ती त्याच्या कचेरीतली सूझन. तिला आरडाओरडा नाही, रडणं नाही. बाटलीकडे जाणारी त्याची नजर ती टिपते, आणि तिने ती टिपली हे आपल्याला कळतं.

निर्मात्यांनी मात्र रूथच लक्षात ठेवली. 'मॅडनेस ऑफ द हार्ट'मध्ये (१९४९) आंधळ्या मार्गारेट लॉकवुडच्या जिवावर उठलेली मत्सरी बाई, पुढे हॅमर या ब्रिटिश चित्रसंस्थेचा 'द गॅम्बलर अँड द लेडी' (१९५२) असले दुय्यम सिनेमे, जे तेव्हा मुख्य चित्रपटाच्या जोडीला लावत. अपवाद 'लाइफ इन हर हँड्स' (१९५१). परिचारिकांची भरती वाढावी म्हणून काढलेला हा सरकारी चित्रपट, आणि नायिका बायरन! हॉलिवूडची वारी 'यंग बेस'पुरती (१९५३), तीही दुय्यम भूमिकेत. नंतर बरंचसं टीव्ही. तिथे हेन्री जेम्सच्या कादंबरीवरच्या 'द गोल्डन बोल'मधली (१९७२) तिची फॅनी अ‍ॅसिंगहॅम चुकवू नये.

१९९८ साली 'सेव्हिंग प्रायव्हेट रायन'मध्ये ती म्हाताऱ्या रायनची बायको झाली. दफनभूमीत नवऱ्याला एवढंच सांगते की हो, तू चांगला माणूस आहेस. त्याच वर्षीच्या 'ले मिझराब्ल'मध्ये ती पुन्हा ननच्या वेशात आली. या वेळी मदर सुपीरियर.