चाळीस वर्षं मागावर

आज संध्याकाळी आमच्या सोलापुरात अशोक चौकात चहाला थांबलो होतो, सोबत पुण्याचा मित्र. शेजारी बसलेल्या काकांना त्यानं सहज विचारलं, काका तुम्ही काय करत होतात? काका म्हणाले, "चाळीस वर्षं मागावर होतो." मित्र एकदम सावरून बसला, "पोलिसात होतात का?" काका दोन सेकंद गप्प, मग म्हणाले, "होय की बाळा, धोट्याच्या मागावर! लई पळायचा." सगळी टपरी हसली आणि मित्राला काहीच कळेना 😄

मग त्याला सांगितलं की इथं माग म्हणजे कापड विणायचा माग, आणि धोटा त्यावरच इकडून तिकडं पळतो. घरी येईपर्यंत तेच डोक्यात. मित्राला चोर दिसला, आम्हाला यंत्रमाग, शब्द एकच, आणि काकांनी दोन्ही अर्थ एकाच वाक्यात पकडून ठेवले, खरी कमाल ती. हिंदीत हा जोक सांगून बघा, करघा म्हटलं की संपलाच, पाठलाग उरतच नाही.

शाळेत श्लेष शिकलो तो "हे मेघा, तू सर्वांना जीवन देतोस" यावर, जीवन म्हणजे आयुष्य आणि पाणीपण. पाठ केलं, मार्क मिळाले, पण हसू कधी आलं नव्हतं.

आणि सोलापुरात तर मराठी, कन्नड, तेलुगू एकाच गल्लीत. कन्नडमध्ये दूध म्हणजे हालू. आता कन्नड घरातल्या लेकराला "हालू नको" म्हटलं तर ते दूध ठेवून देईल की गप्प बसेल?

तुमच्याकडचे असले शब्द सांगा ना, मला खरंच गोळा करायचेत.