पान खरं की फोन खरा?

आमच्या ऑफिसात विद्यार्थी येत नाहीत, त्यांचे क्लिक येतात. परदेशातले कोर्स शोधून देणारी वेबसाइट आहे आमची. देश निवडा, विषय निवडा, बजेट टाका, यादी समोर. ऑफिस नाशिकला, कॅनडा कॉर्नरच्या मागच्या गल्लीत, तिसऱ्या मजल्यावर. चौकाचं हे नाव आमच्याही आधीचं, तरी नवा माणूस रुजू झाला की पहिल्या दिवशी यावर विनोद केल्याशिवाय राहत नाही. इमारतीखाली पाटीसुद्धा नाही, कारण कोणी यावं अशी अपेक्षाच नाही. त्यामुळे २०२५च्या मे महिन्यात वॉचमनने वर फोन करून "एक काका आणि त्यांची मुलगी आलीय, पान लिहिणाऱ्या मॅडमला भेटायचंय म्हणतायत" असं सांगितलं, तेव्हा त्यांना कोणीतरी चुकीचा मजला सांगितला असेल असंच मी समजले.

पान लिहिणारी बाई मीच. कोर्स डेटा टीममध्ये आहे, साइटवरची कोर्सच्या माहितीची पानं आम्ही लिहितो. लोकांना वाटतं, ही माहिती विद्यापीठं आपणहून पाठवत असतील. पैसे देणारी पाठवतात. बाकीच्यांची आम्ही हुडकतो, आणि ते काम दिसतं तेवढं सोपं नाही. ब्रिटनची फी वर्षाची असते, अमेरिकेची क्रेडिटमागे, कॅनडाची बहुतेकदा दोन सेमिस्टरची. ऑस्ट्रेलियाची वर्षाची खरी, पण किती युनिटं धरून ते तळटीपेत. नेदरलँड्समध्ये युरोपियनांना एक फी आणि आपल्याला दुसरी, आणि ठळक अक्षरात नेमकी त्यांची. या सगळ्यातून एकच आकडा काढून चौकटीत बसवायचा, आणि तो बघून कोणीतरी घर गहाण ठेवणार आहे हे लक्षात ठेवायचं. 'वर्ल्ड-क्लास', 'व्हायब्रंट कॅम्पस' वगैरे मी सरळ उडवते. विद्यापीठांच्या मार्केटिंगवाल्यांना राग येतो, येऊ दे.

विषयांच्या वर्गवारीला आम्ही झाड म्हणतो. आमचं झाड विषयांच्या ब्रिटिश कोडवर लावलेलं आहे. ब्रिटनने २०१९-२०पासून जॅक्स हे जुने कोड मोडीत काढून हेकॉस आणले, तेव्हा आम्ही एकेक कोर्स उचलून नव्या फांदीवर टांगत होतो. अमेरिकेचे सीआयपी कोड आणखी निराळे, त्यांचा यांच्याशी मेळ बसत नाही. आणि या झाडाची गंमत अशी की, शोधात 'ग्रेप्स' टाकलं की ते थेट वाइनकडे नेतं. गायझेनहाइम, अ‍ॅडलेड, डेव्हिस, सगळी वाइन शिकवणारी विद्यापीठं. खायच्या द्राक्षांना फांदीच नाही. नाशिकमध्ये बसून हे झाड आम्ही पाणी घालून जगवतोय!

आणखी एक सांगते, कारण पुढचं सगळं त्यावरच घडलं. फीच्या चौकटीत शून्य भरलं की आमची सिस्टिम ती चौकट रिकामी समजायची. रिकाम्या चौकटीचे कोर्स यादीच्या अगदी तळाला. म्हणजे 'फी कमी ते जास्त' अशी यादी लावली तरी जर्मनीतले बिनफीचे कोर्स सगळ्यात शेवटी, करोडपतींच्या एमबीएच्याही खाली. डेव्हलपरचं म्हणणं, शून्य फी कोणाची असते का, चुकून पडलं असेल. त्याच्याशी भांडून, मेलवर मेल टाकून मी फिल्टरमध्ये 'फी नाही' अशी वेगळी टिक घालून घेतली. मोबाइलवर ती 'आणखी फिल्टर'च्या आत दडलेली असते, पण असते. इतक्या वर्षांच्या नोकरीत कशाचा अभिमान असेल तर त्या टिकेचा.

आता धंद्याबद्दल थोडं. या क्षेत्रात आम्ही फार उशिरा आलेली मंडळी. ब्रिटनमधली हॉटकोर्सेस ही कोर्स शोधून देणारी कंपनी १९९६ची. तिच्या दोन संस्थापकांपैकी जेरेमी हंट पुढे त्या देशाचे अर्थमंत्री झाले. २०१७मध्ये ऑस्ट्रेलियाच्या आयडीपीने ती ३ कोटी पौंडांना घेतली. आयडीपी आयईएल्ट्स या इंग्रजीच्या परीक्षेचीही एक मालक आहे आणि विद्यार्थ्यांचे प्रवेशही करून देते. कोर्स दाखवणारा, परीक्षा घेणारा आणि विमानात बसवणारा एकच. आमच्या सरांना हे गणित तोंडपाठ आहे. प्रत्येक मीटिंगमध्ये म्हणतात, "कंटेंट माणूस आणतं, कॉलिंग पैसा आणतं." ब्रिटनने १ जुलै २०२१पासून शिक्षणानंतर दोन वर्षं काम करायची मुभा परत दिली, आणि आमचा मजला वर्षाच्या आत कॉलिंगच्या, म्हणजे फोन करून प्रवेश गळ्यात मारणाऱ्या पोरांनी भरला. कॅनडासाठी वेगळा हॉल घेतला. मग २२ जानेवारी २०२४ला कॅनडाने स्टडी परमिटवर मर्यादा घातली, आदल्या वर्षापेक्षा ३५ टक्के कमी, साधारण ३,६०,००० परमिट. त्या हॉलमध्ये आता ब्रिटनचं डेस्क बसतं.

कमाई कशी होते तेही सांगते, कारण पालकांना हे कोणी सांगत नाही. मुलाने प्रवेश घेतला, फी भरली, की त्या पहिल्या वर्षाच्या फीतला ठरलेला टक्का विद्यापीठ आम्हाला देतं. ज्यांच्याशी करार आहे ते 'पार्टनर', बाकीचे 'नॉन-पार्टनर'. जर्मनीतली बहुतेक सरकारी विद्यापीठं फीच घेत नाहीत, तर टक्का कशाचा देणार? तरीही त्यांची हजारो पानं आमच्या साइटवर आहेत, कारण पोरं गूगलवर तेच शोधतात.

तर काका आणि त्यांची मुलगी. कॉन्फरन्स रूममध्ये इंटरव्ह्यू चालले होते, म्हणून दोघांना माझ्याच टेबलाशी बसवलं. निफाड तालुक्यातले, द्राक्षबागाईतदार. मुलगी बीएस्सी अ‍ॅग्री झालेली, राहुरी विद्यापीठाखालच्या कॉलेजातून. काकांनी पिशवीतून प्लॅस्टिकच्या फोल्डरमधली प्रिंट काढली आणि टेबलावर सरळ करून ठेवली. गॉटिंगेन आणि कासल या दोन विद्यापीठांच्या एकत्र चालणाऱ्या शाश्वत शेतीच्या एमएस्सीचं पान. मीच केलेलं. ट्यूशन फी नाही, सेमिस्टरचं काहीशे युरो अंशदान, माध्यम इंग्रजी.

"ताई, हे तुम्ही लिहिलंय का?"

"हो काका, मीच."

"मग आमाला एवढंच सांगा, पान खरं का फोन खरा?"

त्यांनी वेबसाइटवर नंबर टाकल्यापासून आमच्याकडून त्यांना फोन जात होते. आधी सांगितलं, तो कोर्स बंद झाला. मग सांगितलं, तो इंडियन्सना मिळत नाही. मग सांगितलं, त्याला जर्मन भाषा लागते. आणि दरवेळी पुढचं वाक्य ठरलेलं, त्यापेक्षा ब्रिटनमध्ये अ‍ॅग्री-बिझनेस मॅनेजमेंट घ्या, एक वर्षात मोकळे, आज डिपॉझिट भरलं तर स्कॉलरशिप.

मी विचारलं, एवढ्या यादीतून हा कोर्स सापडला कसा? मुलगी पहिल्यांदा बोलली. "मॅडम, 'फी नाही'वर टिक केली. आधी द्राक्ष टाकून बघितलं, तर सगळी वाइनच आली." काका म्हणाले, "पोरीला दारू पाडायला थोडीच पाठवायचंय!" त्यांना तिच्याकडून काय हवं होतं ते त्यांनी नीट सांगितलं. २०१०मध्ये युरोपने द्राक्षात सीसीसी या वाढ रोखणाऱ्या औषधाचे अंश सापडले म्हणून माल अडवला होता, त्यात त्यांच्या बागेचाही होता. औषध कृषी केंद्रवाल्याने दिलेलं, फवारणी सगळ्यांनीच केलेली, आणि तिकडच्या लॅबमध्ये काय मोजतात याचा इथे कोणाला पत्ता नाही. तेव्हापासून त्यांच्या डोक्यात बसलंय की, घरातलं कोणीतरी मोजणाऱ्यांच्या बाजूला जाऊन बघून यायला पाहिजे.

मी त्यांच्यासमोर गॉटिंगेनचं मूळ पान उघडलं. कोर्स चालू होता. भारतीयांना मिळतो. अभ्यासक्रम इंग्रजीत आहे. स्क्रीन त्यांच्याकडे वळवली. काकांनी मुलीला वाचायला लावलं, मला नाही. माझ्यावर अजून पुरता विश्वास नव्हता. "पेटीत वरच्या थराला चांगले घड लावत्यात, तसलं नाही ना हे?" असं विचारलंच त्यांनी.

मग खालचा थरही दाखवला. बिनफीचं म्हणजे बिनपैशाचं नव्हे. व्हिसाआधी ब्लॉक्ड अकाउंटमध्ये वर्षाचे ११,९०४ युरो ठेवावे लागतात, म्हणजे त्या वेळच्या भावाने अकरा-साडेअकरा लाख. ते पैसे आपलेच, पण तिकडे गेल्यावर महिन्याला ९९२ युरो असेच हातात येतात. नोव्हेंबर २०२२पासून भारतीय विद्यार्थ्यांना एपीएसचं, म्हणजे शिक्षणाची कागदपत्रं तपासल्याचं सर्टिफिकेट सक्तीचं आहे, त्याचे १८,००० रुपये, आणि त्याला वेळ लागतो. वर्गात इंग्रजी चालेल, पण घरमालक, डॉक्टर, पार्टटाइम नोकरी, सगळं जर्मनमध्ये. येत्या ऑक्टोबरला जमणार नाही, पुढच्या वर्षाचं धरा. त्या कोर्समध्ये काढणीनंतरच्या प्रक्रियेचं नेमकं किती आहे, ते मॉड्यूल हँडबुक, म्हणजे काय-काय शिकवतात त्याची विद्यापीठाची पुस्तिका, वाचूनच ठरवा, माझ्या पानावरून नको.

काका खिशातल्या डायरीत लिहीत होते. मध्येच थांबून म्हणाले, "फी घेत नाहीत, मग त्यांना काय मिळतं?" मला वाटतं हा प्रश्न आमच्या अख्ख्या सेल्स ट्रेनिंगमध्ये कोणी विचारलेला नाही. मी म्हटलं, तिकडच्या राज्यांची सरकारं करातून खर्च करतात. शिकून झाल्यावर नोकरी शोधायला १८ महिने राहू देतात. शिकलेली माणसं टिकली तर त्यांना हवीच आहेत. काकांना ते पटलं. फुकट म्हटल्यावर जो संशय होता, तो हिशेब कळल्यावर गेला.

एवढ्यात कॉलिंगचा टीम लीडर आला. काचेपलीकडून बघत असणार. अतिशय गोड आवाजात म्हणाला, "काका, मॅडम डेटाच्या आहेत. काउन्सेलिंग आमच्याकडे होतं, या ना इकडे."

काका उठले नाहीत. "काउन्सेलिंग झालंय साहेब. आता खरं विचारायला आलोय."

हॉलमध्ये हेडफोन लावलेली सगळी पोरं एका क्षणाला गप्प झाली. टीम लीडर हसला आणि गेला. त्याच्या हसण्यातून मला कळलं की संध्याकाळी मेल येणार.

मेल आला. दुसऱ्या दिवशी मीटिंग. टीम लीडरचं म्हणणं, 'लीड', म्हणजे हाती आलेलं गिऱ्हाईक, डेटा टीमने पळवून लावली. मी म्हटलं, लीड पळाली नाही, ती खोट्या माहितीवर तक्रार घेऊन आली होती. त्यावर तो म्हणाला, मग असली पानं ठेवायचीच कशाला, काढून टाका सगळे नॉन-पार्टनर. आणि इथे आमचा एसईओवाला, म्हणजे गूगलवरून साइटवर लोक आणणारा, जो एरवी मीटिंगमध्ये क्रिकेटचा स्कोअर बघत असतो, ताडकन म्हणाला, "ती पानं काढली तर साइटवर येईल कोण?" लोक ब्रिटनमधला बिझनेसचा कोर्स शोधत आमच्याकडे येत नाहीत, त्यासाठी शंभर जागा आहेत. ते येतात असल्या आडवळणाच्या पानांवर, जी दुसऱ्या कोणी नीट लिहिलेली नसतात. एकदा आले की बाजूच्या पट्टीत पार्टनर दिसतात. सरांनी मान डोलावली. पानं राहिली. मी जिंकले असं घरी सांगितलं खरं, पण ज्या कारणासाठी ती राहिली ते माझं कारण नव्हतं. माझं खरं लिहिणं हे त्या फोनचंच भांडवल आहे, हे तोपर्यंत इतकं उघड कोणी बोललं नव्हतं.

ज्या पोराने ते फोन केले होते, त्याच्यावर मला चिडायचं होतं. चोवीस-पंचवीसचा आहे, सिन्नरहून अपडाउन करतो. चहाच्या टपरीवर त्याने मोबाइलवर स्वतःची स्क्रीन दाखवली. नॉन-पार्टनर कोर्सपुढे त्याच्या सॉफ्टवेअरमध्ये लाल अक्षरात येतं, 'क्लोज्ड'. म्हणजे आपल्यासाठी क्लोज्ड. "मला वाटलं कोर्सच बंद आहे," तो म्हणाला. पहिल्या फोनपुरतं मी ते मानलं. "आणि इंडियन्सना मिळत नाही, ते कुठे लिहिलंय?" यावर तो काही बोलला नाही. त्याला इन्सेंटिव्ह डिपॉझिटवर मिळतं, विद्यार्थी जर्मनीला गेला तर शून्य. आणि ते शून्य त्याच्या पगारात बरोब्बर दिसतं.

मी एक ओळ लिहून दिली, नॉन-पार्टनर पानांवर टाकायला. 'या कोर्सच्या प्रवेशासाठी आम्ही मदत करत नाही. विद्यापीठाकडे थेट अर्ज करा.' ती लीगलकडे आहे. लीगल म्हणजे सरांचे मेहुणे. खायच्या द्राक्षांसाठी, म्हणजे फळांच्या काढणीनंतरच्या तंत्रासाठी, झाडाला नवी फांदी मागितली आहे. ती डेव्हलपरच्या यादीत आहे.

त्या मुलीचा अधूनमधून मेल येतो. हँडबुक तिने खरंच वाचलं, आणि त्यातून निघालेले प्रश्न मला विचारते, ज्यांची उत्तरं मला येत नाहीत. मी तिला कोर्सच्या को-ऑर्डिनेटरचा पत्ता दिलाय. जर्मनचे क्लास लावलेत. जाणार की नाही ते पुढच्या सीझनच्या भावावर आहे म्हणते.

सिन्नरचा पोरगा मात्र हल्ली असा कोणाचा फोन लागला की काही न बोलता माझ्या एक्स्टेंशनवर टाकतो. मी घेते. या फोनची नोंद करायला कुठल्याच शीटमध्ये रकाना नाही, त्यामुळे अजून कोणी हरकत घेतलेली नाही.